खरा मजकूर, उसना थाट

नाशिकच्या एका स्थानिक केबल वाहिनीवर मी काही काळ एक साप्ताहिक विडंबनात्मक बातमीपत्र सादर करीत होते. त्यातील एका भागाविरुद्ध लेखी तक्रार झाली, वाहिनीकडून खुलासा मागवण्यात आला, प्रसारण थांबले, आम्ही कलमवार उत्तर दिले, सुनावणी झाली आणि त्यानंतर कार्यक्रम पुन्हा सुरू झाला. या सगळ्यातून जाताना जे हाती लागले ते प्रायोगिक काम करणाऱ्या नटांना आणि लेखकांना उपयोगी पडेल असे वाटते, म्हणून ते सविस्तर लिहीत आहे. विडंबन करणाऱ्याला दोन प्रकारच्या नियमांशी गाठ घालावी लागते. काही नियम कायद्याच्या पुस्तकात छापलेले असतात. काही कुठेच छापलेले नसतात, तरी कंट्रोल रूमपासून निवेदकाच्या भुवईपर्यंत सगळीकडे पाळले जातात. माझा अनुभव असा, की छापलेल्या नियमांत विडंबनाला बरीच जागा आहे; न छापलेले नियम हलवणे त्याहून कितीतरी अवघड आहे.

माझी घडण हौशी रंगभूमीवरची. राज्य नाट्य स्पर्धेच्या नाशिक केंद्रावरील प्राथमिक फेरीत, परशुराम सायखेडकर नाट्यगृहात, शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोहोचवण्याची सवय मला लागली होती. पुढे मी त्या वाहिनीवर खरी बातमीपत्रे वाचू लागले. मानधन नावापुरते होते, पण शिकायला पुष्कळ मिळाले. तिथे कोणी समोर बसवून नियम सांगत नाही. ते बघून बघून अंगवळणी पडतात. अपघाताच्या बातमीला आवाज खाली आणायचा, उद्घाटनाच्या बातमीला चेहरा प्रसन्न ठेवायचा, यात्रेच्या बातमीत ‘भक्तिमय वातावरणात’ हे शब्द यायचेच. बाईट, म्हणजे कॅमेऱ्यासमोर छोटी प्रतिक्रिया, देणारी व्यक्ती काहीच सांगत नसली, तरी खाली नावाची पट्टी येते, मागे संगीत वाजते आणि काहीतरी सांगितले गेले असा भास तयार होतो. सगळ्यांत कडक नियम शांततेविषयीचा. दोन-तीन सेकंद आवाज आला नाही की कंट्रोल रूममधील मुलगा खुर्चीतून उठतो, कारण दूरचित्रवाणीच्या जगात शांतता म्हणजे बिघाड.

कार्यक्रमाची कल्पना आमच्या लेखकमित्राची आणि माझी मिळून होती. लोक बातमीतील मजकुरापेक्षा तिच्या थाटावर अधिक विश्वास ठेवतात, हे मी वाचकाच्या खुर्चीत बसून पाहिले होते. तेव्हा मजकूर पूर्णपणे खरा ठेवायचा आणि थाट मात्र दुसरीकडून उसना आणायचा, असे आम्ही ठरवले. एकाच रस्त्यासंबंधी वेगवेगळ्या वेळी निघालेल्या तीन जाहीर सूचना आम्हाला सापडल्या: जलवाहिनीसाठी खोदकाम, मग डांबरीकरण, मग तारा टाकण्यासाठी पुन्हा खोदकाम. त्या आम्ही निवडणूक निकालाच्या थाटात वाचल्या. कोणते काम किती मीटरने आघाडीवर, कोणते पिछाडीवर, असे तक्ते पडद्यावर येत राहिले आणि मी मतमोजणीच्या दिवशीच्या गांभीर्याने ते आकडे सांगत गेले. त्यातला एकही आकडा आमचा नव्हता.

या पद्धतीमुळे काही बंधने आपोआप आली आणि ती मला मनापासून मान्य होती. संहितेतील प्रत्येक विधानाच्या समासात एक क्रमांक असे आणि त्या क्रमांकाचा कागद फाइलमध्ये असे. जाहीर सूचना, निविदा, सभेचे इतिवृत्त किंवा माहिती अधिकारातील उत्तर. कागद नसलेले वाक्य कितीही चांगले असले तरी गळत असे, आणि लेखकमित्राचा जीव त्या वाक्यांसाठी तुटत असे. खासगी माणसाचे नाव घ्यायचे नाही, पदाचा उल्लेख करायचा. न्यायप्रविष्ट विषयाला हात लावायचा नाही. जात, धर्म, शरीर आणि बोली यांवर विनोद उभा करायचा नाही.

बोलीबद्दल थोडे अधिक लिहिले पाहिजे. मराठी दूरचित्रवाणीवरील विनोदी कार्यक्रमांत नोकर, शिपाई किंवा भोळा माणूस दाखवायचा झाला की त्याच्या तोंडी ग्रामीण उच्चार घालण्याची खोड जुनी आहे. नाशिक जिल्ह्याच्या बागलाण, मालेगाव, कळवण या भागांत अहिराणी घराघरांत बोलली जाते आणि तिथून शहरात शिकायला आलेली मुले पहिली गोष्ट कोणती लपवत असतील तर आपली बोली. आम्ही एका भागात अर्थविषयक बातम्या अहिराणीतून वाचल्या. वाचणारी सहकारी सटाण्याकडची होती. तिने व्याजदर, महागाई आणि कांद्याची निर्यात हे विषय कुठेही लाडिक न होता, पूर्ण अधिकाराने मांडले. त्यात हसण्यासारखे काही नव्हते आणि तेच आम्हाला दाखवायचे होते. वाहिनीत मात्र विचारणा झाली, की हा विनोदी भाग असेल तर विनोद कुठे आहे, आणि गंभीर असेल तर बोलीत का आहे. न छापलेल्या नियमांची ताकद मला त्या प्रश्नात जशी जाणवली तशी पुढे तक्रारीच्या पत्रातही जाणवली नाही.

आमच्या आधी या वाटेने गेलेल्यांचा अभ्यास करणे भाग होते. १ एप्रिल १९५७ रोजी बीबीसीच्या ‘पॅनोरमा’ या वृत्त-कार्यक्रमात स्वित्झर्लंडमध्ये झाडांवरून स्पॅगेटीचे पीक काढले जात असल्याचा वृत्तान्त दाखवला गेला. पुष्कळ प्रेक्षकांनी तो खरा मानला, आणि त्याचे मोठे कारण म्हणजे निवेदक रिचर्ड डिंबलबी यांचा भारदस्त, विश्वासाचा आवाज. नटासाठी हा धडा महत्त्वाचा आहे: आवाजाने जरा जरी डोळा मिचकावला असता तरी सगळे कोसळले असते. आपल्याकडे १९८९ मध्ये जसपाल भट्टी यांनी दूरदर्शनवर ‘फ्लॉप शो’ केला. सरकारी माध्यमावर सरकारी कारभाराची, ठेकेदारीची आणि खुद्द दूरचित्रवाणी मालिकांच्या निर्मितीची खिल्ली उडवताना त्यांनी श्रेयनामावलीचीही रीत मोडली. दिग्दर्शक म्हणून स्वतःचे नाव देताना ‘मिसडायरेक्टेड बाय’, म्हणजे ‘दिशाभूल करणारा’, असे लिहिले. कार्यक्रमाची चौकटसुद्धा विडंबनाचा विषय होऊ शकते, हे भारतीय प्रेक्षकांपुढे इतक्या सहजपणे क्वचितच कोणी ठेवले असेल.

सर्वांत टोकाचे उदाहरण ब्रिटनच्या चॅनल फोरवरील ‘ब्रास आय’ या मालिकेचे. १९९७ मध्ये ख्रिस मॉरिस यांनी वृत्तविषयक कार्यक्रमाचा थाट हुबेहूब उचलून ‘केक’ नावाचे अस्तित्वातच नसलेले अमली द्रव्य रचले, नामवंतांना त्याविरुद्ध कॅमेऱ्यासमोर इशारे द्यायला लावले आणि एका खासदाराने तर त्यावर संसदेत प्रश्न विचारला. नट म्हणून मॉरिस यांचे काम मी फार मानते. तरीही ती वाट आम्ही घेतली नाही. तिथे फसलेली माणसे प्रसिद्ध होती आणि स्वतःचा बचाव करायला समर्थ होती. आमच्या शहरात फसला असता तो एखाद्या गल्लीतला दुकानदार किंवा कार्यालयातील कनिष्ठ लिपिक, ज्याला दुसऱ्या दिवशी त्याच चौकातून जायचे असते. सत्ता ज्याच्या हाती आहे त्याच्या भाषेचे विडंबन करावे. साध्या माणसाच्या विश्वासाचे करू नये.

सादरीकरणाच्या अंगाने पाहिले तर मला रंगमंचाचे जवळजवळ सगळे बाजूला ठेवावे लागले. तमाशातल्या बतावणीतला सोंगाड्या प्रेक्षकांकडे वळून बोलतो, हशा आला की थांबतो आणि त्या हशावर पुढचे वाक्य ठेवतो. स्टुडिओत हशा नाही. समोर कॅमेरा, त्यामागे एकटा कॅमेरामन, पाठीमागे हिरवा क्रोमा पडदा आणि कॉलरला माईक. वाचायचा मजकूर लेन्ससमोरच दाखवणारा टेलिप्रॉम्प्टर आमच्याकडे नव्हता. कागद टेबलावर असत आणि नजर खाली जाऊन वर येण्याचा वेळ वाक्यातच बसवावा लागे. मी दर ओळीचे शेवटचे तीन-चार शब्द पाठ करीत असे, म्हणजे वाक्य संपताना डोळे लेन्सवर असत. खऱ्या बातमीत वाचक जिथे श्वास घेतो तिथेच मीही घ्यायचा, हा दंडक होता. विनोद करणारी व्यक्ती श्वास जरा आधी घेते, पुढे काहीतरी गमतीचे येत आहे हे तिच्या शरीराला ठाऊक असते म्हणून. आणि तेवढ्याने प्रेक्षक सावध होतो. कॅमेरामन मला ‘मॅडम, परत एकदा, मान हलली’ असे सांगत असे, आणि बहुतेक वेळा त्याचे खरे असे.

ज्या भागावरून पुढचे सगळे घडले तो शांततेचा. शहरातील एका बाजारपेठेत स्त्रियांचे सार्वजनिक स्वच्छतागृह दुरुस्तीसाठी म्हणून बंद होते. भाजी विकायला पहाटेपासून बसणाऱ्या बायका दिवसभर पाणी पीत नव्हत्या. त्यातल्या काहींशी मी स्वतः बोलले होते आणि तो विषय मला सोडवत नव्हता. दुरुस्ती केव्हा पूर्ण होणार, असे आम्ही माहितीच्या अधिकारात विचारले. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ प्रमाणे उत्तर देण्यासाठी सर्वसाधारणपणे ३० दिवसांची मुदत असते. मुदतीच्या अगदी शेवटी उत्तर आले ते एवढेच, की बाब कार्यवाहीत आहे. लेखकमित्राने सुचवले, की प्रश्न वाचावा, मुदत सांगावी, दिवसाला एक सेकंद या हिशेबाने ३० सेकंद निवेदिकेने काहीही न बोलता वाट पाहावी आणि मग ते उत्तर वाचावे. मागे संगीत नाही, खाली धावती पट्टी नाही.

वाहिनीचे चालक, ज्यांना आम्ही भाऊ म्हणत असू, हे ऐकून हबकले. ‘ताई, आपल्याकडे चित्र गेलं तरी आपण गाणं लावून ठेवतो,’ ते म्हणाले. ‘अर्धा मिनिट गप्प बसलात तर लोक बॉक्स बंद करून चालू करतील.’ त्यांची काळजी खरी होती. नाशिक केबलच्या डिजिटायझेशनच्या दुसऱ्या टप्प्यात असल्यामुळे २०१३ पासून घरोघरी सेट टॉप बॉक्स आले होते आणि रिमोटवर शेकडो वाहिन्या एका बोटावर होत्या. मी त्यांना म्हटले, की भाऊ, ज्या बायका रोज बारा-बारा तास थांबतात त्यांच्यासाठी आपल्या प्रेक्षकाने अर्धा मिनिट थांबायला हरकत नसावी. पुष्कळ बोलणे झाल्यावर त्यांनी होकार दिला.

ते ३० सेकंद माझ्या नटपणाची सर्वांत अवघड परीक्षा होती असे मी मानते. रंगमंचावर विराम घेताना समोरचा अंधार जिवंत असतो. कोणी खोकते, खुर्ची करकरते, प्रेक्षकांचा श्वास परत येतो आणि नट त्यावर तरून जातो. इथे परत येणारे काहीच नव्हते. भुवई हलली असती तर ती टीका झाली असती, ओठांचा कोपरा हलला असता तर ती थट्टा झाली असती, आणि डोळे स्थिर ठेवून नुसते बसले असते तर चित्र गोठले आहे असे वाटले असते. म्हणून मी अभिनय करायचाच नाही असे ठरवले. प्रश्न विचारल्यानंतर माणूस जशी उत्तराची वाट पाहतो तशी खरोखर पाहायची. पहिल्या दहा सेकंदांत सभ्य अपेक्षा होती. मग हाताखालच्या कागदाची कड मी नकळत सरळ केली. त्यानंतर दिव्यांच्या झळीने डोळ्यांत पाणी जमू लागले, ते मी पुसले नाही. कॅमेरामनने मागून हाताने मोजून खूण केली तेव्हा मी नेहमीच्या आवाजात वाचले: ‘बाब कार्यवाहीत आहे. पुढील बातमी.’

प्रसारणाच्या वेळी भाऊंचा अंदाज बरोबर निघाला; प्रसारण बंद पडले असे सांगणारे फोन कंट्रोल रूममध्ये आले. पण त्याच वेळी दुसऱ्याही प्रकारचे फोन आले. त्यातील एक बाई कोणत्या बाजारातले स्वच्छतागृह म्हणून विचारत होत्या, कारण त्यांच्या बाजारातलेही बंद होते.

तक्रार काही दिवसांनी आली. तिचा आशय असा: नेहमीच्या वृत्तनिवेदिकेने बातम्यांच्या थाटात कार्यक्रम सादर करून प्रेक्षकांची दिशाभूल केली, एका सार्वजनिक कार्यालयाची हेटाळणी केली, आणि हेतुपुरस्सर प्रसारणात खंड पाडला. वाहिनीला खुलासा सादर करण्यास सांगण्यात आले. आम्हाला कार्यक्रम थांबवण्याचा आदेश कोणीही दिलेला नव्हता; तो वाहिनीने स्वतःहून थांबवला. हे मी मुद्दाम नोंदवते, कारण बाहेर सर्वांचा समज ‘बंदी आली’ असा झाला होता. बहुतेक ठिकाणी बंदी अशीच येते. कोणी घालायच्या आधी आपणच घालून घेतो.

आता कायद्याविषयी. केबल टेलिव्हिजन नेटवर्क्स (विनियमन) अधिनियम, १९९५ च्या कलम ५ प्रमाणे कार्यक्रम संहितेला, म्हणजे केबलवर काय दाखवू नये याच्या नियमावलीला, धरून नसलेला कार्यक्रम केबलवरून दाखवता येत नाही. ही संहिता १९९४ च्या नियमांतील नियम ६ मध्ये आहे. नियम अधिनियमाच्या आधीचे, कारण सुरुवात वटहुकमाने झाली होती. कलम १९ खाली प्राधिकृत अधिकारी, म्हणजे जिल्हा दंडाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा पोलीस आयुक्त, एखाद्या कार्यक्रमाच्या प्रसारणाला मनाई करू शकतात. कलम १६ मध्ये त्या वेळी पहिल्या अपराधाला २ वर्षांपर्यंत कारावास किंवा १००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी तरतूद होती. कारावासाची ती तरतूद पुढे २०२३ च्या जनविश्वास अधिनियमाने काढून टाकली. भाऊंना धास्ती होती ती यंत्रसामग्री जप्त होण्याची, आणि लहान वाहिनीच्या बाबतीत ती धास्ती समजण्यासारखी आहे.

आमच्या वतीने एका ज्येष्ठ वकीलबाईंनी काम पाहिले. त्यांनी पहिल्याच बैठकीत मला कार्यक्रम संहितेची सर्व कलमे मोठ्याने वाचायला लावली. नियम ६(१)(ड) मध्ये, म्हणजे इंग्रजी क्रमातील चौथ्या कलमात, अश्लील, बदनामीकारक, हेतुतः खोटे, सूचक आणि अर्धसत्य असे काही नसावे असे आहे. पुढच्या एका कलमात कोणत्याही व्यक्तीवर किंवा समाजजीवनातील गटांवर टीका करणे, त्यांची निंदा किंवा बदनामी करणे निषिद्ध मानले आहे. आणखी एका कलमात वांशिक, भाषिक व प्रादेशिक गटांचे चित्रण उपरोधाने आणि तुच्छतेने करू नये असे म्हटले आहे. हे शेवटचे कलम वाचताना मला खरोखर आनंद झाला. बोलीवर विनोद न करण्याचा आमचा निश्चय त्यात जसाच्या तसा होता, आणि मुख्य प्रवाहातील कितीतरी विनोदी कार्यक्रम त्याच्या कसोटीला उतरणार नाहीत. टीकेविषयीचे कलम मात्र फार रुंद आहे. त्याचा शब्दशः अर्थ लावला तर कोणतीही वाहिनी कोणावरही टीका करू शकणार नाही. वकीलबाईंचे म्हणणे असे, की हे कलम संविधानाच्या अनुच्छेद १९(१)(क) मधील अभिव्यक्तिस्वातंत्र्य आणि १९(२) मधील मर्यादित निर्बंध यांच्या संदर्भातच वाचले पाहिजे.

त्यासाठी त्यांनी दोन निकालांचा आधार घेतला. १९९३ च्या हिरो चषकाच्या क्रिकेट प्रक्षेपणावरून उद्भवलेल्या वादात सर्वोच्च न्यायालयाने ९ फेब्रुवारी १९९५ रोजी, प्रसारणाच्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे आणि माहिती देण्याचा व मिळवण्याचा हक्क अभिव्यक्तिस्वातंत्र्यात अंतर्भूत आहे, असे सांगितले. त्यातील एक निकालपत्र न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांचे आहे. दुसरा निकाल ११ एप्रिल २०१९ चा. ‘भविष्यतेर भूत’ हा राजकीय उपहासाचा बंगाली चित्रपट कोलकात्यातील चित्रपटगृहांतून अनधिकृत दडपणामुळे उतरवला गेला, तेव्हा न्यायालयाने राज्य सरकारला २० लाख रुपये भरपाई देण्यास सांगितले आणि उपहासाला अभिव्यक्तीत असलेले महत्त्व स्पष्ट शब्दांत मान्य केले. चित्रपट आणि केबल यांचे कायदे वेगळे आहेत हे त्यांनी उत्तरात प्रामाणिकपणे नमूद केले, पण तत्त्व लागू होते असे ठामपणे मांडले.

उत्तर लिहिताना त्यांनी मला दिलेली एक सूचना मी कधीही विसरणार नाही. ‘आम्ही गंमत केली, असं एकदाही लिहायचं नाही,’ त्या म्हणाल्या. ‘गंमत म्हटलंस की मजकूर खरा नव्हता असं तूच कबूल केल्यासारखं होतं. तुझी बाजू ही आहे की मजकुरातला शब्दन् शब्द खरा आहे.’ मी विनोदी कार्यक्रमाच्या नावाने सवलत मागायच्या तयारीत होते. त्यांनी मला सत्याच्या बळावर उभे केले. समासातील क्रमांकांसह भागाची संपूर्ण संहिता, प्रत्येक क्रमांकाचा कागद, माहिती अधिकाराचा अर्ज, त्याची पोच, उत्तर आणि भागाचे ध्वनिचित्रमुद्रण, असा संच आम्ही जोडला. अर्धसत्याच्या आरोपाला दुसरे उत्तर लागले नाही. खंड पाडल्याच्या आरोपावर आम्ही लिहिले, की चित्र अखंड चालू होते, शांतता भागाच्या संहितेत वेळेसह लिहिलेली होती आणि निवेदिकेने मौन पाळू नये असे कार्यक्रम संहितेत कुठेही म्हटलेले नाही.

सुनावणी शांतपणे झाली. वादग्रस्त तुकडा तिथे लावण्यात आला आणि खोलीतील सर्वांनी तो पूर्ण पाहिला. ही खऱ्या बातम्या वाचणारी निवेदिकाच का घेतली, असे मला विचारण्यात आले. मी सांगितले, की जो आवाज लोकांना रोज विश्वासाने ऐकायची सवय आहे त्याच आवाजात सार्वजनिक उत्तराचा पोकळपणा ऐकू यावा, हा आमचा हेतू होता. परक्या आवाजात तो नुसता नकलेचा विषय झाला असता. आणि मजकूर खरा असल्यामुळे त्या विश्वासाला मी तडा दिलेला नाही. मनाईचे कारण दिसत नाही, मात्र कार्यक्रमाचे स्वरूप सुरुवातीला स्पष्ट करावे, एवढ्यावर प्रकरण मिटले.

तो सल्ला मला योग्य वाटला. प्रेक्षक कुठल्याही क्षणी घरात शिरतो तसा कार्यक्रमात शिरत असतो आणि आपण काय पाहत आहोत हे कळण्याचा त्याला हक्क आहे. पण वाहिनीने त्याहून पुढे जाऊन संपूर्ण कार्यक्रमभर ‘केवळ मनोरंजनासाठी’ अशी पट्टी ठेवण्याचा आग्रह धरला. त्यावरून आमची जी ओढाताण झाली ती सुनावणीपेक्षा अधिक लांबली. त्या पट्टीखाली खरा मजकूर वाचला की तो प्रेक्षकाच्या मनात खोटा ठरतो, हे मी परोपरीने सांगत राहिले. एका प्रायोजकाने याच काळात हात आखडता घेतला, त्यामुळे भाऊंवर दडपण वाढले. शेवटी भागाच्या आरंभी आणि दर जाहिरातीनंतर मी स्वतः, बातमीच्याच आवाजात, ‘या बातमीपत्रातील मजकूर खरा आहे, सादरीकरण विडंबनात्मक आहे’ असे सांगायचे ठरले. भाऊंनी त्याबदल्यात एक अट घातली, की शांतता असेल तर कंट्रोल रूमला आधी लेखी कळवायचे, म्हणजे तिथला मुलगा मध्येच गाणे लावणार नाही. प्रसारणाच्या रोजच्या तक्त्यात त्यासाठी ‘नियोजित शांतता’ असा नवा रकाना आखण्यात आला.

स्वच्छतागृहाच्या उत्तरावर आम्ही दरम्यान प्रथम अपील केले होते. त्याच्या निर्णयाला कायद्याने ३० दिवस आणि कारणे नोंदवून जास्तीत जास्त ४५ दिवस मिळतात. कार्यक्रम पुन्हा सुरू झाला तेव्हा पहिल्या भागाच्या तक्त्यात त्या रकान्यासमोर मी ४५ सेकंद असे लिहिले. भाऊंनी ते दोनदा वाचले, किती सेकंदांनी जाहिरात येते हे मुलाला विचारून घेतले आणि सही केली.